मोगरा छाटायचा राहिला होता

२ फेब्रुवारी, रविवार. मोगरा छाटायचा राहिला होता.

आमच्याकडे ही छाटणी जानेवारी संपता संपता उरकते. थंडी ओसरायला लागलेली असते आणि ऊन अजून तापलेलं नसतं, असे थोडेच दिवस मिळतात. त्याआधी कापलं तर नवी फूट गारठून बसते. उशीर केला तर बहर मागे सरकतो. मोगऱ्याला कळी येते ती नव्या फुटीच्या शेंड्याला. जुनी काडी कितीही जाडजूड दिसली तरी तिच्याकडून फुलाची आशा धरायची नाही, तिच्याकडून नवी फूट काढून घ्यायची. म्हणून कापायचं. ज्यांना कापवत नाही त्यांच्या दारात नुसत्या पानांचं झुडूप वाढतं, आणि मग ती माणसं नर्सरीवाल्याला नावं ठेवतात.

थेरगावात डांगे चौकाच्या मागच्या अंगाला आमचं घर आहे. पुढच्या खोलीत माझं शिलाई मशीन, आतल्या खोलीत सासूबाई, आणि दाराबाहेर जेमतेम अंगण. त्या अंगणात कुंपणाच्या भिंतीलगत हा एकच मोगरा. घर बांधलं तेव्हा नवऱ्याने लावला. दरवर्षी छाटायचेही तेच. साप्ताहिक सुट्टीच्या दिवशी सकाळी चहा झाला की कात्री घेऊन बसायचे आणि जेवणाच्या वेळेपर्यंत उभं झुडूप गुडघ्याइतकं करून ठेवायचे. मी दिवसभर कापडाच्या कात्रीशी खेळते, पण झाडाच्या कात्रीला कधी हात लावला नव्हता. ती त्यांची होती.

डिसेंबरात पाणी मीच तोडलं. मोगऱ्याला छाटणीआधी ताण द्यावा लागतो. माती सुकली, पानं पिवळी पडून थोडी गळली. झाडाने आपलं काम केलं होतं. आता पुढचं कुणीतरी करायला हवं होतं, आणि ज्यांनी करायचं ते आत पलंगावर, उजवा हात पांघरुणाखाली घालून, भिंतीकडे तोंड करून पडले होते.

नवरा चाकणला एका छोट्या कारखान्यात प्रेसवर होता. पत्र्याची पट्टी सरकवायची, प्रेस खाली येते, भाग कापून पडतो, पुन्हा पट्टी सरकवायची. आयुष्यभर हेच काम. गेल्या ऑगस्टमध्ये दुसऱ्या शिफ्टला उजव्या हाताची दोन बोटं प्रेसखाली गेली. अंगठ्याशेजारचं आणि मधलं. मला फोन आला तेव्हा मी एका गिऱ्हाइकाच्या ब्लाउजला हुक लावत होते. उरलेला हुक लावला, दोरा तोडला आणि निघाले. हे मी कुणाला सांगितलं की लोक माझ्याकडे विचित्र बघतात. पण हुक अर्धवट टाकून दवाखाना जवळ आला नसता.

जखम चांगली भरली. डॉक्टर म्हणाले, अंगठा, अनामिका आणि करंगळी शाबूत आहेत, एवढ्यावर माणूस पुष्कळ काही करू शकतो, फक्त हात वापरत राहा. व्यायामासाठी रबरी चेंडू दिला. तो चेंडू टीव्हीच्या शेजारी धूळ खात पडला. हात विजारीच्या खिशात गेला. घरात असले की टॉवेलखाली, झोपले की पांघरुणाखाली. पट्टी होती तोवर मी त्यांना चपातीचे तुकडे करून देत होते आणि भाजीला चमचा ठेवत होते, डाव्या हाताने खाता यावं म्हणून. पट्टी निघाली. तुकडे आणि चमचा तसेच चालू राहिले.

जानेवारीत व्यायाम घेणाऱ्या बाईंकडे गेलो. त्यांनी हात उघडायला सांगितला. अनामिका अर्ध्यावर येऊन थांबली. बाईंनी ती धरून हळूच ताणली तर हे ओरडले.

"आखडायला लागलंय," बाई मला म्हणाल्या, त्यांना नाही. "हे असंच खिशात राहिलं तर बाकीचीही आखडतील. मग माझ्याकडे आणून उपयोग नाही."

परतताना रिक्षात मी तेच वाक्य पुन्हा म्हणून दाखवलं. हे रस्त्याकडे बघत राहिले. चाकणहून निरोप आला होता की स्टोअरमध्ये हलकं काम देतो, या. तिकडेही ते गेले नाहीत.

लोकांनीही मदत केली नाही. म्हणजे भेटायला सगळे आले, सफरचंदं आणली. एक शेजारीण, मनाने चांगली आहे, ती अंगणातल्या मोगऱ्याकडे बोट करून म्हणाली, "भाऊ, त्या झाडाकडे बघा. दरवर्षी एवढं छाटता, तरी पुन्हा फुटतंच ना? तसंच असतं आयुष्य."

हे उठून उभे राहिले. "बोटं फुटत नाहीत, वहिनी," म्हणाले आणि आत गेले.

मला त्यांचं म्हणणं पटलं. झाड झाड आहे, हात हात आहे. तेव्हापासून मात्र त्यांनी मोगऱ्याकडे बघणंही सोडलं.

दर रविवारी आम्ही तिघं विहारात वंदनेला जायचो. ऑगस्टनंतर सासूबाई आणि मी दोघीच. पहिल्या एक-दोन रविवारी ते आले होते. सगळ्यांनी हात जोडले, तेव्हा हे हात मागे बांधून उभे राहिले. जोडलेल्या हातांत मधली जागा रिकामी दिसते, ती दिसायला नको होती. घरी आल्यावर सासूबाई म्हणाल्या, "हात जोडताना बोटं कोण मोजतं रं लेका?" पुढच्या रविवारपासून त्यांचं डोकं दुखायला लागलं.

तर त्या रविवारी वंदनेहून आल्यावर मी सासूबाईंना दारातल्या खुर्चीवर बसवलं, पदर खोचला आणि जिन्याखालून झाडाची कात्री काढली. ती पावसाळाभर तिथेच, उघड्यावर पडली होती. पात्याला तांबडा गंज, स्प्रिंग घट्ट. दरवर्षी छाटणी झाली की पुसून, तेल लावून, फडक्यात गुंडाळून ठेवली जायची. गेल्या वर्षी कुंपणावरची वेल कापायला जुलैमध्ये काढली होती, आणि मग ऑगस्ट आला.

"तुम्ही येताय का, की मी कापू?" मी आत तोंड करून विचारलं.

"राहू दे या वर्षी," आतून आवाज आला. "नाही छाटलं तर मरत नाही ते."

"मरत नाही. पण फुलतही नाही."

"नको फुलू दे."

"वैशाख पौर्णिमेला मग विकतची फुलं आणायची का?" सासूबाईंनी विचारलं. त्यांचा आवाज अजून खणखणीत आहे. "दारात झाड हाय आन् फुलं बाजारातनं."

मी झुडपापुढे उकिडवी बसले आणि समोर आली ती काडी पकडली. मी कापडाची माणूस. आधी मापायचं, खूण करायची, मग कापायचं. इथे खूण कुठे करायची ते कळेना. थोडं वरून कापलं. मग वाटलं, अजून थोडं खाली हवं होतं. तीच काडी पुन्हा कापली.

"ब्लाउजचा गळा न्हाई त्यो," सासूबाई म्हणाल्या. "किती जपून कापतीस!"

मग मी जाड काडी घेतली आणि जोर लावला. बोथट पातं काडीत शिरलं, पण आरपार गेलं नाही. मी कात्री डावीउजवीकडे पिळली. काडी चेंदली, साल सोलून खाली लोंबली, आतला पांढरा गर दिसला. तुटली मात्र नाही. मी आणखी पिळली.

"चेंदू नकोस!"

मी दचकून वर बघितलं. नवरा दारात उभा होता. बनियनवर, अनवाणी.

"काय करतेस काय? सोड ती. सोड आधी!"

मी कात्री सोडली. ती काडीतच अडकून लोंबत राहिली.

सासूबाई नंतर सगळ्यांना सांगत होत्या की सुनेनं मुद्दाम वाकडं कापलं, त्याला उठवायला. तसं काही नाही. मला खरंच येत नव्हतं. आणि मुद्दाम काडी चेंदायचं माझ्या मनात आलंच असतं, तर सासूबाईंच्या देखत मी ते केलं नसतं.

ते खाली बसले. चेंदलेल्या काडीचं टोक त्यांनी डाव्या हाताने उचलून बघितलं. बराच वेळ बघत होते. मग म्हणाले, "बर आली बघ केवढी." बोथट साच्यावर पत्रा कापला की कडेला जी खरखरीत किनार राहते, तिला त्यांच्या कारखान्यात बर म्हणतात. "अशी ठेवलीस तर इथून सडत खाली जाईल. आणि आधी पानं काढायची. पानं असताना डोळे कसे दिसणार तुला?"

"मला कुणी शिकवलंय?"

"दरवर्षी समोर तर असतेस."

"समोर नसते, मशीनवर असते. तुमच्या छाटणीच्या दिवशी गिऱ्हाइकं सुट्टी घेत नाहीत."

सासूबाई हसल्या. ते हसले नाहीत, पण कात्री मागितली. मग आतून पॉलिश पेपर, तेलाची बाटली आणि पाना आणायला सांगितला. मी सगळं आणून जवळ ठेवलं आणि बाजूला झाले. कात्रीचा मधला नट खोलायचा तर एक हात पुरत नाही. एकाने कात्री धरायची, दुसऱ्याने पाना फिरवायचा. मी पुढे होणार होते. सासूबाईंनी माझ्याकडे बघून मान हलवली, नको म्हणून.

ते थोडा वेळ कात्री पायाच्या बोटांत धरून बघत होते. ती सारखी सुटत होती. शेवटी वैतागून त्यांनी उजवा हात खिशातून काढला आणि कात्री अंगठा आणि करंगळीच्या बेचक्यात दाबून धरली. मी अंगणात पडलेली पिवळी पानं गोळा करायला लागले. त्या हाताकडे बघायचं नाही, एवढं मला कळत होतं.

पातं घासून झालं, तेल लावून झालं. मग आम्ही दोघं पानं काढायला बसलो. याला हत्यार लागत नाही. काडी वरच्या टोकाला धरायची आणि मूठ खाली सरकवत न्यायची, पानं हातात येतात. साल ओरबाडायची नाही, म्हणून पकड सैल ठेवायची. ते डाव्या हाताने काडी धरून उजव्याने पानं ओढत होते. अनामिका वाकडीच राहत होती, तिच्या खालून पानं निसटत होती. ती ते पुन्हा ओढत होते.

झुडूप उघडं होत गेलं. पानांखाली एवढ्या काड्या आहेत हे मलाही माहीत नव्हतं. प्रत्येक पानाच्या बगलेत बारीक फुगीर ठिपका. तोच डोळा. फूट तिथून येते.

"पाचर माझीच होती," ते म्हणाले.

मला कळलं नाही. "कसली पाचर?"

त्यांनी काडीवरून नजर न काढता सांगितलं. प्रेसला दोन बटणं असतात, दोन बाजूंना. दोन्ही तळवे दोन्ही बटणांवर दाबले तरच प्रेस खाली येते. म्हणजे ती खाली येताना दोन्ही हात बाहेर असणार. पण त्यात वेळ जातो आणि नग कमी निघतात. म्हणून एका बटणात लाकडाची पाचर ठोकून ते दाबलेलंच ठेवायचं. मग एकाच बटणावर प्रेस चालते आणि दुसरा हात पट्टी सरकवायला मोकळा राहतो. सगळेच करतात. कुणी तपासायला येणार असेल तर पाचरी खिशात जातात, तो गेला की पुन्हा जागेवर.

"माझी पाचर सगळ्यांत चांगली होती," ते म्हणाले. "पेटीच्या फळीची. घासून गुळगुळीत केलेली. बटणात अशी बसायची की हलायची नाही. बघून दुसऱ्यांनी मागितल्या. त्यांनाही करून दिल्या."

सासूबाई ऐकत होत्या. त्यांनी पदर तोंडाला लावला.

"सगळे येऊन म्हणतात, मशीनने घात केला. मी काय सांगू? मशीन बरोबर होतं."

मी थोडा वेळ पानं काढत राहिले. इतके महिने मला वाटत होतं की ते हात लोकांपासून लपवतात, कारण तो वाईट दिसतो. हात वाईट दिसत नव्हता. समजूत घालावी असं मनात आलं, पण कशाची घालणार? जे झालं होतं ते त्यांनी बरोबर सांगितलं होतं. मग जे विचारायचं होतं ते विचारलं.

"आता त्या प्रेसवर कोण आहे?"

"आहे एक. लातूरकडचा. माझ्याच हाताखाली होता. नवीन लग्न झालंय."

"आणि पाचर?"

त्यांचा हात थांबला.

"तिथंच असेल."

"त्याला सांगितलंत?"

"कोणत्या तोंडाने सांगू? त्याला ती बसवायला मीच शिकवलंय."

"त्याच तोंडाने सांगा. दुसरं कुठून आणणार? आणि फोन डाव्या हातानेही लागतो."

त्यांनी माझ्याकडे रागाने बघितलं. तसं बघितलेलं पुष्कळ दिवसांत पाहिलं नव्हतं. मग ते पुन्हा झाडाकडे वळले आणि कात्री उचलली.

डाव्या हातात ती चालेना. ती उजव्या हाताच्या माणसासाठी बनवलेली, डाव्यात पातं उलटं पडतं आणि काडी कापण्याऐवजी दबते. त्यांनी एक काप केला, टोक बघितलं आणि कात्री उजव्या हातात घेतली. वरचा दांडा तळव्यात, खालचा करंगळी आणि अनामिकेखाली. दाबली. कात्री निसटून मातीत पडली. उचलली, पुसली, पुन्हा घेतली. पुन्हा पडली.

"द्या इकडे," मी म्हणाले.

"थांब."

तिसऱ्या खेपेला त्यांनी जाड काडी सोडून बारीक काडी धरली. डोळा शोधला, झुडपाच्या बाहेरच्या बाजूला तोंड असलेला, म्हणजे फूट आत गर्दी न करता बाहेर जाईल. त्याच्या किंचित वर, पाणी साचू नये म्हणून तिरकं पातं लावलं. दाबताना त्यांचा जबडा आवळला गेला होता. कट् असा आवाज झाला. काडी पडली. टोक स्वच्छ होतं. त्यांनी त्यावरून अंगठा फिरवला.

"बर नाही," मी म्हणाले.

"गप."

बारीक काड्या त्यांनी कापल्या. वाळलेल्या, एकमेकींवर घासणाऱ्या, आत वळलेल्या आधी. मग उरलेल्या, गुडघ्याच्या उंचीला. जाड काड्या मी कापल्या आणि ते मला कुठे, किती तिरकं, हे सांगत गेले. माझ्या कापाला दोनदा नावं ठेवली. चेंदलेली काडी त्यांनी मला अगदी बुडापासून काढायला लावली. दर थोड्या वेळाने ते थांबून उजवा हात मांडीवर दाबत होते, दुखत होता म्हणून. खिशात मात्र घातला नाही. सासूबाई खुर्चीतच डुलक्या घेत होत्या, जेवण तसंच राहिलं होतं.

संपलं तेव्हा अंगणात काड्यांचा ढीग होता आणि झुडपाच्या जागी बोडके खुंट. शेजारीण फाटकापाशी थांबली. "अगं बाई, एवढं?" म्हणाली. पण या वेळी पुढचं काही बोलली नाही. ते अंगणात बसलेले आणि हात उघड्यावर, हे तिने पाहिलं असणार.

मी खुंटाभोवतीची माती उकरली आणि शेणखत मिसळून आळं केलं. पाणी लगेच द्यायचं नाही, रात्रीच्या ओलीत ताजे काप कुजू शकतात, असं ते म्हणतात. एक रात्र सुकू द्यायचे आणि सकाळी भरपूर पाणी द्यायचं.

संध्याकाळी त्यांनी अंगणातूनच फोन लावला. फोन मांडीवर, स्पीकरवर होता, कारण डाव्या हाताने ते दुखणारा उजवा हात दाबत होते. मी मशीनवर होते, पण मशीन बंद ठेवलं.

"काढ ती पाचर," ते सांगत होते. "उद्या पहिल्या शिफ्टला. प्रेस चालू करायच्या आधी."

"काय राव भाऊ," पलीकडचा हसला. "टार्गेट मग तुम्ही येऊन काढणार का?"

"माझी बोटं तुझ्याच मशीनवर गेली."

"माहीत आहे ना. पण ते तर..."

"पाचर होती म्हणून गेली. मी बसवलेली."

त्याच्या मागे कुठेतरी बाईचा आणि भांड्यांचा आवाज येत होता. मग तो म्हणाला, "बघतो, भाऊ." फोन ठेवला. बघतो म्हणजे काय, ते आम्हाला दोघांनाही माहीत होतं. हे म्हणाले, "उद्या पुन्हा करतो."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी चपात्या केल्या आणि मेथीची भाजी. यांचं ताट वाढलं. नेहमीप्रमाणे चपाती हातात घेतली, तुकडे करायला. मग तशीच, अख्खी, ताटात ठेवली. चमचा मांडणीवरच राहू दिला. ताट त्यांच्यापुढे ठेवलं आणि बादली घेऊन बाहेर आले. सगळे काप सुकून पांढरे पडले होते. मी आत वळून बघितलं नाही. आळं भरेपर्यंत मोगऱ्याला पाणी घालत राहिले.